तळ्याची धुलाई

४ एप्रिल, सकाळी अकरा

अण्णा आज पोहून आले ते दंड खाजवत. मला वाटलं डास चावला असेल. बनियन काढल्यावर बघितलं तर पाठ, मान, दंड, सगळीकडे लाल चट्टे. ही म्हणाली आत्ताच्या आत्ता डॉक्टरकडे न्या. मी म्हणालो, आधी दुकान उघडतो. हिने नुसतं बघितलं. दुकान उशिरा उघडलं.

डॉक्टर म्हणाले, तळ्यावर जी हिरवी साय आलीय ना, ती अंगाला चांगली नाही. पोटात गेली तर आणखी वाईट. आजोबांनी पाण्यात उतरायचं नाही. अण्णांनी विचारलं, कधीपर्यंत. डॉक्टर म्हणाले, पाणी सुधारेपर्यंत. अण्णांनी शर्टाची बटणं लावली, एक चुकवून लावली, आणि तसेच घरी आले.

मला फार वाईट वाटलं. एकोणऐंशी वर्षांचे माझे वडील रोज सकाळी या काठावरून त्या काठावर पोहत जातात आणि परत येतात, याचा मला केवढा अभिमान आहे. दुकानात येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला सांगतो. आई गेली त्याच्या दुसऱ्या दिवशीही गेले होते. नातेवाइकांनी नाकं मुरडली. परत आले तेव्हा डोळे लाल होते. पाण्यामुळे, म्हणाले.

हे असं चालायचं नाही. काहीतरी केलं पाहिजे आणि ते मीच केलं पाहिजे. म्हणून ही वही काढली. कामाची नोंद राहिलेली बरी.

५ एप्रिल

अण्णांना शब्द दिला. मे संपायच्या आत तळं लख्ख करून देतो. अण्णा म्हणाले, बघू. मी म्हणालो, बघू नाही, शब्द म्हणजे शब्द.

तीस वर्षं लाँड्री चालवतोय. शाई, गंज, ग्रीस, रक्त, लोकांनी आशा सोडलेले कपडे मी नव्यासारखे करून दिलेत. तळं म्हणजे शेवटी काय, एक मोठा डागच. डागाचे तीन नियम असतात. पहिला, डाग कशाचा ते ओळखायचं. दुसरा, कडेपासून मध्याकडे यायचं, नाहीतर पसरतो. तिसरा, घासाघीस करायची नाही. नगरपालिकेतल्या कुणाला यातला एक तरी नियम माहीत असेल का.

७ एप्रिल

डाग ओळखला. बेकरीवाला.

त्याची बेकरी तळ्यापासून हाकेच्या अंतरावर. मागच्या दारी ट्रे धुतो ते मी या डोळ्यांनी पाहिलंय. तूप, लोणी, मैदा, सगळं कुठे जाणार? शिवाय माणूस चढेल आहे. त्याचे ॲप्रन तो माझ्याकडे देत नाही, घरी धुतो.

त्याला सहज म्हणून विचारलं. तो म्हणाला, माझं पाणी मोठ्या गटाराला जोडलेलं आहे, हवं तर येऊन बघा. इतक्या तयारीने उत्तर देणारा माणूस मला कधीच पटत नाही.

१२ एप्रिल, दुपारी

लेकीचा फोन. मोठ्या शहरात पाणी तपासायच्या लॅबमध्ये आहे. लहानपणी अण्णांच्या पाठीवर बसून तळं ओलांडायची. अण्णांचं पोहणं बंद झालं हे तिला सांगितलं.

मग प्रश्न सुरू केले. साय कधीपासून येतेय? दोन-तीन वर्षं, मी म्हणालो. त्याच्या आधी गावात काय नवीन झालं? मी म्हणालो, तळ्याकाठचं हॉटेल झालं, चांगलं चालतंय, त्यांच्या चादरी मलाच मिळतात, म्हणून तर दोन मोठी मशीन घेतली. मग तिने विचारलं, त्या मशीनचं पाणी कुठे जातं. मी म्हणालो, गटारात. तिने विचारलं, ते गटार कुठे जातं. मी म्हणालो, गटारं जातात तिकडे.

ती म्हणाली, बाबा, डिटर्जंट म्हणजे शेवाळाला खत असतं. हे मात्र मला लागलं. साबणाचं पाणी घाण कसं असेल? घाण ज्याने जाते त्यालाच घाण म्हणायचं? माझ्या दुकानातून आयुष्यात कधी घाण बाहेर गेलेली नाही. तिला म्हणालो, गिऱ्हाईक आलंय, ठेवतो.

गिऱ्हाईक आलं नव्हतं. पण येऊ शकलं असतं.

२१ एप्रिल

नियम दुसरा, कडेपासून सुरुवात. तळ्याच्या काठाची पाणकणसं आणि लव्हाळे काढायला घेतले. चार मजूर लावले. सगळी अस्ताव्यस्त वाढलेली, चिखलात पाय रोवून उभी. त्यांच्यात काय काय अडकलेलं असतं. तपकिरी फेस, पिशव्या, पानं.

अण्णा पायरीवर बसून बघत होते. म्हणाले, यात पाणकोंबड्या घरटी करतात. मी म्हणालो, दुसरीकडे करतील. ते म्हणाले, दुसरीकडे कुठे. मला अजून बरंच काम होतं.

२३ एप्रिल

काठ काय दिसतोय. इस्त्री मारल्यासारखा. हॉटेलच्या मॅनेजरने फोटो काढले, म्हणाला गेस्ट लोकांना आता खोलीतून सरळ पाणी दिसेल. दोन फोटो लेकीला पाठवले. तिचं उत्तर आलं: बाबा, ते पाणी गाळत होते.

ती अजून लहान आहे. फील्डचा अनुभव पुस्तकात मिळत नाही.

४ मे

पाणी जास्त हिरवं झालंय. आधी साय होती, आता सरळ रंगाचा डबा ओतल्यासारखं. वासही येतो. दोन बदकं असायची, ती दिसत नाहीत.

कारण उघड आहे. लोक बदकांना ब्रेड टाकायचे. ब्रेड कुठला? बेकरीचा.

अण्णा सकाळी ठरल्या वेळी उठतात, टॉवेल खांद्यावर टाकतात, फाटकापर्यंत जातात आणि परत येतात. ही म्हणाली, त्यांना नगरपालिकेच्या पोहण्याच्या तलावात न्या, तिथलं पाणी निळंशार असतं. नेलं. दहा मिनिटांत बाहेर आले. म्हणाले, चार हात मारले की भिंत येते, वळून वळून चक्कर येते. पोहून आल्यावर भूक लागली पाहिजे, तीही लागली नाही म्हणाले.

९ मे, सकाळी सहा

आता सौम्य उपाय पुरे. पांढऱ्या कपड्यावर हिरवा डाग असेल तर काय करतात हे पोरंसोरंही सांगतील. ब्लीच. दुकानातली ब्लीचिंग पावडर घेतली, पोती दोनच. पोहायच्या पायऱ्यांपाशी सारख्या हाताने टाकली, एका जागी साचू दिली नाही. इतकं प्रोफेशनल काम नगरपालिकेने शंभर वर्षांत केलं नसेल.

हिला सांगितलेलं नाही. सरप्राइज असलेलं बरं.

९ मे, दुपारी

पायऱ्यांपाशी पाणी खरंच स्वच्छ दिसतंय. तळ दिसतो.

तळ दिसतो म्हणजे मासेही दिसतात. बोटाएवढे, पांढरी पोटं वर करून. बरेच. कमजोर असणार. आधीच आजारी असणार. निरोगी मासा एवढ्याने मरत नाही.

१० मे

अण्णांनी बादली नेली आणि पायऱ्यांवरचे सगळे मासे वेचून आणले. पाण्यात उतरू नका म्हटलंय, तर वाकून हाताने वेचले. घरामागे खड्डा करून पुरले. मी मदतीला गेलो तर म्हणाले, तू राहू दे, तुझे हात भाजतील. ब्लीचमुळे त्यांचेच हात लाल झाले होते.

ही माझ्याशी बोलत नाहीये. बोलली असती तर सांगितलं असतं की प्रत्येक मोठ्या कामात सुरुवातीला थोडं नुकसान होतं. स्वतःशीच दोनदा म्हणून बघितलं. दुसऱ्यांदा तितकंसं बरं वाटलं नाही.

१७ मे

हॉटेलच्या मॅनेजरने चादरी निम्म्याच पाठवल्या. विचारलं तर म्हणाला, खिडकी उघडली की वास येतो, गेस्ट एक रात्र राहून जातात. म्हणजे तळ्यामुळे माझंही नुकसान होतंय. हा मुद्दा सगळे विसरतात. मीसुद्धा या प्रकरणात पीडित आहे.

ठरवलं, आता समिती. एकट्याने किती करायचं.

२० मे

शाळेच्या हॉलमध्ये मीटिंग घेतली. बरीच माणसं आली. अण्णा पहिल्या रांगेत. त्यांनी गावातल्या निम्म्या लोकांना पोहायला शिकवलंय, त्यामुळे त्यांच्याकडे बघूनच लोक आले असावेत, पण बोललो मी. म्हणालो, कुणीतरी या तळ्यात छुप्या पाइपाने घाण सोडतंय. तो पाइप आपण शोधू. आणि तो कुणाचाही निघाला, ओळखीचा, नात्याचा, मोठा, छोटा, कुणाचीही गय करायची नाही. चव्हाट्यावर आणायचं. टाळ्या पडल्या. बेकरीवाल्याने वाजवल्या नाहीत.

समितीचा अध्यक्ष मी. एकमताने.

अण्णांना घरी विचारलं, कसा बोललो. म्हणाले, आवाज चांगला लागला होता.

२२ मे

लेकीला फोन केला. पाइप शोधायचा कसा? ती म्हणाली, एकेकाच्या मोरीत रंग सोडून बघतात, तळ्यात कुठे निघतो ते. तिच्या लॅबमध्ये त्यासाठी खास रंग असतो, पाठवते म्हणाली. मी म्हणालो, कशाला पाठवतेस, माझ्याकडे नीळ आहे. पोत्याने आहे. माझ्या हातात असताना बाहेरून रंग मागवायचा म्हणजे लाँड्रीची अब्रू गेली.

ती हसली नाही. म्हणाली, बाबा, सगळ्यात आधी आपल्या दुकानात सोडून बघा, कुणाला न सांगता. पोरींना बापावर एवढाही भरवसा नसावा म्हणजे कमाल आहे.

२६ मे

बेकरीत नीळ सोडली. समितीची माणसं तळ्याकाठी उभी. अर्धा तास. एक तास. काही नाही. बेकरीवाल्याने सगळ्यांना पाव दिले. त्याचा पाइप लांब असणार, वेळ लागेल, मी म्हणालो.

२७ मे

बेकरीची नीळ अजून आलेली नाही.

गॅरेजमध्ये सोडली. नाही. हॉटेलच्या किचनमध्ये सोडली. नाही. कापड दुकान, दवाखाना, शाळेची मोरी. कुठेच नाही. माझी नीळ वाया चाललीय आणि गावातली सगळी गटारं मात्र उजळून निघालीत.

३१ मे

मे संपला. अण्णांना सांगितलं, तारीख थोडी पुढे गेलीय, पण तपास शेवटच्या टप्प्यावर आहे. अण्णा म्हणाले, तू दमलास, दोन दिवस स्वस्थ बस. मी म्हणालो, तुम्ही पाण्यात उतरेपर्यंत मी स्वस्थ बसणार नाही. त्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवला. कधी ठेवत नाहीत.

२ जून

मीटिंगमध्ये बेकरीवाला उभा राहिला आणि शांतपणे म्हणाला, एक दुकान राहिलंय. सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. कुणीतरी खोकलं.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी अध्यक्ष. माझ्या खर्चाने नीळ. माझ्या वडिलांचं पोहणं बंद झालंय. आणि बोट माझ्याकडे? तिथल्या तिथे जाहीर केलं की उद्या सकाळी दहा वाजता, सगळ्या गावासमोर, माझ्या दोन्ही मोठ्या मशीनमध्ये नीळ. चिमूटभर नाही, अख्खं पोतं. एकदाचा सोक्षमोक्ष लागू दे.

घरी आल्यावर ही म्हणाली, असं करू नका, आधी प्लंबरला बोलावून गुपचूप बघून घ्या. अण्णाही म्हणाले, कशाला गाजावाजा करतोस, सोडून दे. दोघांचाही चेहरा पडलेला. मी अण्णांना म्हणालो, तुमच्या मुलाच्या दुकानातून घाण बाहेर जात नाही, हे उद्या सगळ्यांना दिसेल. अण्णांनी मान हलवली आणि खोलीत गेले.

३ जून

नवा शर्ट घातला होता.

दहाला दोन्ही मशीन भरली, पोतं रिकामं केलं, पाणी सोडलं. मशीन हुंकारली. मग दुकान बंद करून रमतगमत तळ्याकडे निघालो. घाई कशाला, मला तर माहीतच होतं.

वळणावर आलो तर सगळी माणसं काठाशी वाकून बघत होती. मी काढलेल्या लव्हाळ्यांच्या जागी, पाण्याच्या खालून, निळं येत होतं. आधी थोडं, मग भसाभसा. तिथे पाण्याखाली पाइपाचं तोंड होतं. लव्हाळ्यांमुळे इतकी वर्षं कुणाला दिसलं नव्हतं, आणि लव्हाळे मीच काढले होते.

हिरव्यात निळं मिसळत पायऱ्यांपर्यंत आलं. अण्णा पायरीवर उभे होते. ते आजूबाजूच्या लोकांना सांगत होते की वारा उलटा आहे, रंग कुठूनही वाहत येऊ शकतो, एवढ्यावरून काही ठरत नाही.

वारा अजिबात नव्हता.

४ जून

काल पुढे लिहिता आलं नाही. हात निळे होते, वही खराब झाली असती.

शांतपणे विचार केला. दोष प्लंबरचा आहे. मशीन बसवताना मी फक्त एवढंच म्हणालो होतो की जवळात जवळ जे असेल त्याला जोड, खर्च वाढवू नको. त्याने पावसाचं पाणी तळ्यात नेणाऱ्या नळाला जोडलं. आता जवळ म्हणजे इतकं जवळ, असं मी म्हणालो होतो का? दुसरं, नगरपालिकेने तेव्हाच तपासायला हवं होतं. तिसरं, हॉटेलच्या चादरी नसत्या तर एवढं पाणीच लागलं नसतं. आणि हॉटेल आलं तळं सुंदर आहे म्हणून. म्हणजे एका अर्थी तळं सुंदर होतं हेच मूळ कारण.

हिला हे वाचून दाखवावं असं वाटलं होतं. नाही दाखवलं.

६ जून

दुकान बंद ठेवायची नोटीस. जोडणी बदलेपर्यंत. नोटिशीखाली समितीची शिफारस जोडली आहे. शिफारस माझ्याच भाषणातून उचललीय, कुणाचीही गय करू नये, शब्दन् शब्द. समितीचा अध्यक्ष आता बेकरीवाला.

बेकरीवाला वाईट बोलला नाही. ॲप्रन घेऊन आला आणि म्हणाला, दुकान सुरू झालं की हे धुऊन द्या. ओरडला असता तर बरं झालं असतं.

२५ जून

काम झालं. नवा पाइप मोठ्या गटाराला. तळ्यातलं तोंड सिमेंटने बुजवलं, मी स्वतः उभा राहून. आता साबणाचा एक थेंब तळ्यात जाणार नाही.

मन हलकं झालं. खरं बघितलं तर शोध लागला तो माझ्याच निळीमुळे. माझ्यासारखा माणूस अध्यक्ष नसता तर आणखी दहा वर्षं कुणाला कळलं नसतं. हे उद्या-परवा लोकांच्या लक्षात येईल.

अण्णांना सांगितलं, आता पंधरा दिवस. नळ बंद केल्यावर बादलीतलं पाणी निवळतं तसं निवळेल. अण्णा हसले. किती दिवसांनी. म्हणाले, बरं झालं, अंग आखडलंय.

११ जुलै

निवळलेलं नाही. पाऊस लांबलाय, उष्णता फार आहे.

१९ जुलै, सकाळी

मोठे मासे पहाटे काठाशी येतात आणि तोंड पाण्याबाहेर काढून उघडझाप करतात. पाण्यात त्यांना हवा पुरत नाही असं दिसतंय. ऊन चढलं की काही खाली जातात. काही जात नाहीत.

बघायला गेलो आणि लवकर परतलो. कामं होती.

२८ जुलै

लेक आली. आल्या आल्या अण्णांच्या गळ्यात पडली, माझ्याशी नीट बोलली, पण थांबून थांबून. मग होडी घेऊन तळ्याच्या मध्यावर गेली. एक लांब नळी खाली सोडून तळाचा चिखल वर काढला. काळा, मऊ, कुजलेल्या अंड्याचा वास.

मी विचारलं, पाइप बंद केलाय ना, मग? ती म्हणाली, बाबा, इतक्या वर्षांचं सगळं खाली बसलंय. पाणी तापलं की तो चिखल ते परत वर सोडतो आणि शेवाळ तेच खातं. आता बाहेरून काही आलं नाही तरी तळं स्वतःच स्वतःला खत घालत राहणार. मी म्हणालो, मग घासून काढू. म्हणाली, चिखल ढवळला तर एकदम सगळं वर येईल, उरलेले मासेही जातील. लव्हाळे परत लावा आणि थांबा.

किती थांबायचं? आठ-दहा वर्षं, ती म्हणाली. मी म्हणालो, नीट मोजून सांग. ती म्हणाली, नीट मोजलंय.

अण्णा एकोणऐंशी.

२९ जुलै

लेक गेली. जाताना म्हणाली, आजोबांना तुम्ही सांगा, माझ्याकडून नको. मी म्हणालो, आजच सांगतो.

३ ऑगस्ट

आज सांगणार होतो. अण्णांना सर्दी होती.

८ ऑगस्ट

आज नक्की सांगणार होतो. हॉटेलचा निरोप आला, चादरी पाठवणं बंद, या सीझनला कुलूप. त्या गडबडीत राहिलं.

पाणकणसाची रोपं आणली. माझ्या हाताने लावली, गुडघाभर चिखलात. काढताना चार माणसांनी दोन दिवसांत संपवलं होतं. आज दिवसभरात दोन हात पसरले तर मावेल एवढाच काठ झाला. त्यातली निम्मी आडवी झालीत.

१४ ऑगस्ट, दुपारी

जेवायला घरी आलो. अण्णांच्या खोलीचं दार लोटलेलं. हाक मारणार होतो, पण फटीतून दिसलं. अण्णा पलंगावर पालथे पडले होते. छाती काठावर, दोन्ही हात बाहेर, आणि हळूहळू हात मारत होते. एक उजवा, एक डावा. मान वळवून श्वास घेत होते. पाय सावकाश हलत होते. डोळे मिटलेले.

मला वाटलं बरं नाहीये की काय. मग कळलं, सराव चाललाय. मी पंधरा दिवस म्हणालो होतो. ते तयारीत राहिले होते.

न जेवता दुकानात गेलो. हिला म्हणालो, भूक नाही.

२० ऑगस्ट

सांगितलं.

बसून सांगितलं. सरळ सांगायचं ठरवलं होतं, पण आधी उष्णतेबद्दल बोललो, मग प्लंबरबद्दल, मग नगरपालिकेबद्दल. अण्णा ऐकत होते. शेवटी त्यांनीच विचारलं, किती वर्षं. मी म्हणालो, आठ-दहा.

त्यांनी चष्मा काढून पुसला. म्हणाले, चालेल. म्हणाले, तुझ्या मुलीच्या मुलांना उपयोगी पडेल. मग विचारलं, तू जेवलास का.

त्यांनी रागवायला हवं होतं. मी लहान असताना एकदा त्यांचा शर्ट इस्त्रीने जाळला होता तेव्हा केवढे रागावले होते. मला त्या शर्टाची आठवण येऊन रडू आलं. हिच्यासमोर, त्यांच्यासमोर, या वयात.

२३ ऑगस्ट, सकाळी दहा

आज अण्णा नेहमीच्या वेळी उठले आणि फाटकातून परत आले नाहीत. मागोमाग गेलो. पायरीवर बसले होते, पूर्ण कपड्यांत, पायांत बूट. मीही शेजारी बसलो. वाटलं, सोबत करावी. रोज सकाळी येऊ, बसू, हळूहळू लव्हाळे वाढताना बघू. तसा संकल्पही मनात करून टाकला.

फिरायला आलेली माणसं पलीकडून जात होती. अण्णांना हात करायची. मग मी दिसलो की हात खाली घ्यायची. दोघं थांबून काहीतरी बोलले आणि एकाने पाण्याकडे बोट दाखवलं, मग माझ्याकडे. मी बघितलं नाही असं दाखवलं.

थोड्या वेळाने अण्णा म्हणाले, तू इथे येत जाऊ नकोस. मला वाटलं, आता रागावले. मनातून बरं वाटलं. म्हणालो, अण्णा, काय बोलायचं ते बोला, मी ऐकून घेतो. ते म्हणाले, मला काही बोलायचं नाही. लोक तुला बोलतात, ते मला ऐकवत नाही. तू दुकानात जा. मी बसतो इथे.

उठलो. दुकानात आलो. इथे लिहिताना प्लंबरचं परत एकदा लिहायला घेतलं होतं, पण राहू दे.

बेकरीवाल्याचे ॲप्रन आले होते. ते धुऊन ठेवले.